अमेरिकन बूट आणि घरचा आंबा

१० एप्रिल, सकाळी साडेसहा

आजपासून जे घडेल ते लिहायचे. एकही खाडा नाही. पुढे पुरावा लागेल.

काल मृणालीचा तो अजिंक्य आरेकर पावसला आपल्या घरी येऊन गेला. गुहागरचा. बोटीवर फिटर आहे. आमची कन्या बँकेत, हा समुद्रावर, मग ओळख कुठे झाली ते कोणी सांगत नाही. मुलगा नम्र. जरा जास्तच नम्र. मी एसटीत तिकीट तपासनीस होतो. जो पॅसेंजर आपणहून उठून ‘बसा ना साहेब’ म्हणतो त्याच्याकडे हमखास तिकीट नसते.

येताना माझ्यासाठी बूट आणले. साधे नाहीत, वर्क बूट. घोट्याच्या वर येणारे, पुढे आत लोखंड. आपल्या बागेत फुरशासारखे विषारी साप फार आणि बाबा स्लिपरवर हिंडतात, असे मृणालीने सांगितले होते म्हणे. घरातल्या गोष्टी बाहेर सांगायची गरज नव्हती. खोक्यावर ‘आयर्न मूस’ असे नाव, शिंगवाले जनावर, खाली अमेरिकेचा झेंडा आणि १९०४ साल. आमची सौ. राजश्री म्हणाली, रेडा आहे. तिला हेरिटेज कळत नाही.

अजिंक्य बुटांबद्दल बराच वेळ काहीतरी सांगत होता. माझे लक्ष शिंगांकडे होते.

११ एप्रिल

बूट घालून बागेच्या दगडी गडग्यापर्यंत गेलो. शेजारच्या बागेतला रावजी भेटला. अमेरिकन बूट आहेत असे त्याला सहज, दोनदा सांगितले. तो म्हणाला, गुहागरच्या पोराला अमेरिकेचे बूट कसे काय परवडतात रे बाबा?

हा प्रश्न माझ्या मनात होताच. फक्त आला नव्हता.

घरी येऊन बूट काढले, पुसले, खोक्यात ठेवले. निर्णय: बूट खरोखर कुठे बनला हे कळेपर्यंत बूट घालायचे नाहीत आणि लग्नाला होकारही द्यायचा नाही. बूट खोटा तर मुलगा खोटा. मृणालीला निर्णय कळवला. ती म्हणाली, तुम्ही त्यालाच विचारा ना. चोराला विचारून कोणी तपास करते का?

१३ एप्रिल

इन्व्हेस्टिगेशन सुरू. कंपनीची वेबसाइट पाहिली. बर्फ, लाकूडतोडे, एक म्हातारा दाढीवाला हातात हातोडा घेऊन. ‘डिझाइन अमेरिकेत’ असे लिहिले आहे. बनवतात कुठे, त्यावर चकार शब्द नाही. म्हणजे नकाशा अमेरिकेत काढला आणि घर दुसरीकडे बांधले.

कस्टमर केअरला चॅटवर विचारले. एमिली नावाच्या बाईने आधी माझे आभार मानले. मग म्हणाली, आमची पादत्राणे जगभरातल्या निवडक भागीदारांकडे तयार होतात. मी म्हटले, माझी कुठे तयार झाली ते सांगा. तिने पुन्हा आभार मानले. तिकीट कुठे आहे विचारले की खिडकीबाहेर बघणारे लोक मी फार पाहिले आहेत.

१५ एप्रिल

यंदा आपल्या कलमांवर आंबा नाही. मोहोर तुडतुड्याने खाल्ला, उरला तो उन्हाने गळला. यात माझा दोष नाही. फवारणी उशिरा झाली असे राजश्री म्हणते, पण तेव्हा मी ग्रामपंचायतीच्या एका महत्त्वाच्या वादात होतो.

पुण्यामुंबईची गिऱ्हाइके मात्र थांबत नाहीत. त्यांना ‘शेट्ये, पावस’ची पेटी लागते. नाव आहे आपले. त्यामुळे आज हायवेवर हातखंब्याला जाऊन ट्रकमधून पाहुणे उतरवून घेतले. मी त्यांना पाहुणेच म्हणतो. धारवाडकडचे आंबे आहेत, दिसायला अगदी आपल्यासारखे. इथे आणून आढीत घातले, आपल्या पेंढ्यात आठ दिवस झोपले, आपले वारे लागले की ते घरचेच. सून नाही का बाहेरून येत? तिला कोणी आयुष्यभर माहेरचे नाव विचारते का?

राजश्री म्हणाली, सुनेचे माहेर आपण लपवत नाही.

तिला व्यवहार कळत नाही.

१७ एप्रिल

मोठा शोध! डाव्या बुटाच्या टोकात दबून बसलेला कागदाचा बोळा सापडला; घातला तेव्हा बोटांना टोचत होता तो हाच. उलगडला. हिंदी पेपर. एका कोचिंग क्लासची जाहिरात, पत्ता कानपूरचा!

अमेरिकेतला दाढीवाला म्हातारा कानपूरचा पेपर कशाला वाचेल? म्हणजे बूट कानपूरचा आणि पोरगा त्याला अमेरिकन म्हणून सासऱ्याच्या पायात घालतो. मृणाली म्हणाली, तो कधी अमेरिकन म्हणाला? मी म्हटले, म्हणाला नाही, पण मला म्हणू दिले. हाच तर सराईतपणा.

आज एक सिद्धांत मांडला, तो इथे नोंदवून ठेवतो. खोक्यावरचे लेबल खोटे बोलते, आत भरलेला कागद कधी खोटे बोलत नाही. हा सिद्धांत माझा आहे.

१८ एप्रिल

नुसत्या कागदावर केस उभी राहत नाही. बुटाच्या पोटात शिरायला हवे. डाव्या बुटाचा सोल कोयतीने उचकटला. राजश्री ओरडली. आत रबरावर उठवलेली अक्षरे चिनी निघाली.

म्हणजे कातडे कानपूरचे, तळ चीनचा, नाव अमेरिकेचे आणि आणला गुहागरच्या माणसाने. चार ठिकाणचे गोळा करून वर एक नाव ठोकायचे आणि लोकांना फसवायचे. माणसाला लाज वाटायला हवी. संताप आवरेना. संध्याकाळी आढी परतवायची होती, तीही राजश्रीवर सोपवली.

सोल परत बसत नाही. फेव्हिकॉल लावून वर पाटा ठेवला आहे.

२१ एप्रिल

आज एक प्रसंग घडला. बागेत फिरताना जांभ्या दगडावर पाय ठेवणार, तेवढ्यात रावजीने मागून बोंब मारली. दगडाच्या खाचेत फुरसे. मी प्रसंगावधान राखून उडी मारली. उडी रावजीच्या अंगावर गेली हा भाग वेगळा. एक स्लिपर अजून तिथेच आहे.

रावजी म्हणाला, तुज्याकडं ते बूट हायत ना, ते काय पुजायला ठेवलेस?

मी म्हटले, ते मुद्देमालात आहेत.

घरी मृणालीला कळले. ती नुसती माझ्या पायांकडे बघत बसली. डोळ्यांत पाणी होते. सर्दी असावी.

२२ एप्रिल

अक्षय्य तृतीयेला गुहागरला जायचे ठरले. आरेकरांनी बोलणी करायला बोलावले आहे. राजश्रीने हो कळवून टाकले, मला नंतर सांगितले. ठीक आहे. तिथेच सगळ्यांसमोर प्रकरण उघड करीन. एकच धक्का, पण जोराचा.

त्याआधी रीत म्हणून एक पेटी पाठवायची. उत्तम पाहुणे निवडले. पेटीवर नेहमीचे अक्षर, ‘शेट्ये, पावस. अस्सल घरचा हापूस’. पाहुण्यांबरोबर आलेले कानडी पेपर काढून आपले रत्नागिरीचे पेपर घालायला घेतले. वरचे थर बदलले. इतक्यात एमिलीचे उत्तर आल्याची टिंग वाजली म्हणून उठलो. (पुन्हा आभार.) परत आलो तर पार्सलची गाडी दारात. तळाचा कागद तसाच राहिला. राजश्री म्हणाली, खालचाही बदला. मी म्हटले, तळाला कोण बघतो?

२७ एप्रिल

गुहागरहून अजिंक्यचे वडील आत्माराम आरेकर यांचा फोन. सुपारीचे बागायतदार. बोलायला मोकळे. आंबा फार गोड आहे म्हणाले, घरच्या आंब्याची चव लपत नाही. मी म्हटले, मातीचा गुण. राजश्री तिथून उठून स्वयंपाकघरात गेली.

मनात किंचित काहीतरी झाले. अॅसिडिटी असणार. दुपारी फणसाची भाजी जास्त खाल्ली होती.

२९ एप्रिल

तयारी पूर्ण. पिशवीत दोन्ही बूट, कानपूरचा कागद (इस्त्री करून), सोलचे फोटो. बोलण्याची प्रॅक्टिस आरशासमोर केली. मृणाली दारात येऊन उभी राहिली. म्हणाली, बाबा, उद्या माझ्यासाठी एवढे करा, बूट घरी ठेवा. आयुष्यात पहिल्यांदा माझ्याकडे असे काही मागितले.

मला फार वाईट वाटले. पण मी हे तिच्यासाठीच करतो आहे. उद्या ती माझे आभार मानेल.

३० एप्रिल, अक्षय्य तृतीया

घरी आलो आहे. लिहू की नको असे झाले आहे. पण खाडा नाही म्हटले होते.

सकाळी जयगडहून फेरीबोटीने पलीकडे तवसाळला उतरून गुहागर. आरेकरांचे घर वाडीत, पुढे सुपारी, मागे समुद्राचा आवाज. स्वागत उत्तम. पन्हे दिले. अजिंक्य पाया पडला आणि बूट चावत नाहीत ना असे विचारले. मी म्हटले, चावण्याबद्दलच बोलू.

पिशवी उघडली. बूट पाटावर ठेवले. सोल लोंबत होता. अजिंक्यच्या आईने तोंडाला पदर लावला. मी सगळे क्रमाने मांडले: वेबसाइट, एमिली, चिनी अक्षरे. शेवटी कानपूरचा कागद वर धरून सिद्धांत सांगितला. लेबलवर जाऊ नका, आतला कागद बघा, कागद कधी खोटे बोलत नाही.

अजिंक्य शांतपणे उठला. त्याने उजवा बूट घेतला, नाडी सैल केली आणि जीभ पुढे ओढली. आतल्या बाजूला पांढरी पट्टी. त्यावर हिंदीत आणि इंग्रजीत छापलेले: भारतात बनविलेले, कानपूर, सोल आयात. तो म्हणाला, बाबा, मी पहिल्याच दिवशी सांगितले होते, नाव बाहेरचे आहे, बूट आपल्याकडचाच आहे, म्हणून तर तुमच्या मापाचा लगेच मिळाला.

मी नाडी कधी सोडलीच नव्हती, पायही तसाच कोंबला होता. आकार बिघडू नये म्हणून.

इथेच थांबले असते तरी चालले असते. पण आत्मारामरावांना सिद्धांत फार आवडला. खरेच आवडला, टोमणा नव्हता. ते म्हणाले, शेट्ये, हे तुम्ही लाख बोललात. मग पत्नीला म्हणाले, अगो, ती आंब्याची पेटी आण बघू, तळाचे आंबे अजून हायत ना, आपल्याला पण तपासनीस होऊ दे.

मी म्हटले, आंबे राहू द्यात. मी म्हटले, उशीर होतो आहे, फेरीबोट चुकेल. राजश्री जमिनीकडे बघत होती.

पेटी आली. चार आंबे उरले होते, ते त्यांनी हौसेने काढून ताटात ठेवले. पेंढा बाजूला केला. तळाचा कागद काढून गुडघ्यावर सरळ केला. जिलबीसारखी गोल गोल अक्षरे.

अजिंक्यची आई म्हणाली, हे कानडी दिसते, बाजारात धारवाडच्या पेटीत असते तसे. आत्मारामरावांनी कागदाची घडी घातली, पेटीत परत ठेवली, वर पेंढा सारखा केला. मग म्हणाले, आंबा गोडच होता हो. धारवाडचा म्हणून दिला असतात तरी आम्ही एवढ्याच चवीने खाल्ला असता.

मृणाली उठून मागच्या पडवीत गेली. अजिंक्य तिच्या मागे गेला नाही. त्याने माझा उचकटलेला बूट घेतला, मागीलदारी जाऊन त्याला खालून सुंभ आवळून बांधले आणि पिशवीत ठेवून दिले.

फेरीबोटीवर तिघेही वेगवेगळ्या बाजूंना बघत बसलो.

२ मे

गुहागरहून फोन नाही. मृणाली माझ्याशी बोलत नाही. जेवायला वाढते, पण बोलत नाही. मी म्हटले, मी जे केले ते तुझ्यासाठी. तिने वाटी ठेवली आणि गेली.

विचार केला तर माझा सिद्धांत बरोबर ठरला. हे कोणी लक्षातच घेत नाही.

३ मे

रात्रभर कूस बदलत होतो. पोरीचे लग्न माझ्यामुळे मोडले तर? फणस खाल्लेला नाही, त्यामुळे ही अॅसिडिटी नाही.

संध्याकाळी आत्मारामरावांचा फोन आला, राजश्रीला. साखरपुडा वीस तारखेला करू म्हणाले. मुलगा मुलीशी लग्न करतोय, पेटीशी नाही. एवढेच म्हणाले की जेवणात आंबा नको, आमच्या वाडीतले फणस आहेत. मला फोन दिला नाही.

मृणाली हसली, आईकडे बघून. माझ्याकडे बघून नाही. मग आईकरवी निरोप दिला, पेट्यांवर खरे लिहिल्याशिवाय बाबांशी बोलणार नाही.

५ मे

रंगाचा डबा काढला. पेट्यांवरचे ‘अस्सल घरचा’ खरवडले. नवीन लिहिले, ‘आंबा धारवाडचा, पेंढा घरचा’.

राजश्री चहा घेऊन आली. वाचून म्हणाली, पेंढा रावजीचा आहे, आपण भात लावून किती वर्षे झाली? पेंढा खोडला. ‘पेटी घरची’ लिहिले. ती म्हणाली, पेटी कोल्हापूरहून येते, खिळ्यांसकट. खोडली. मग ‘निगा घरची’ सुचले. तिने विचारले, आढी कोण परतवते? ती परतवते. तेही खोडले.

शेवटी राहिले ते एवढेच, ‘आंबा धारवाडचा. शेट्ये, पावस’. पत्ता तेवढा आपला.

मृणाली येऊन वाचून गेली. आतून बूट घेऊन आली, माझ्यासमोर ठेवले, नाड्या स्वतः सोडून दिल्या. म्हणाली, बाबा, आता घाला.

घातले. आतली कानपूरची पट्टी पायाला लागत नाही. डावा सुंभाने बांधलेला, जरा खटखट वाजतो. बागेत त्या जांभ्या दगडापर्यंत गेलो, स्लिपर घेऊन परत आलो.

बूट चांगले आहेत.