गिअरबॉक्सचं तेल, पस्तीस ते पंचेचाळीस अंश

४ मे २००९, सोमवार

परत झटका! भर मोंढ्याच्या वळणावर. पुढे कांद्याची हातगाडी, मागे रिक्षा, आणि मधे आमची गाडी हिसका देऊन जागच्या जागी उभी. रिक्षावाला ओरडला, "ओ काका, जमत न्हाई तं ड्रायव्हर ठिवा ना!"

ड्रायव्हर! चौतीस वर्षं बियाण्याच्या कंपनीची जीप हाकली मी. भोकरदनपासून परतूरपर्यंत एक पांदण सोडली नाही. चिखलात रुतलेली जीप उलटी काढलीय. आणि हा काल मिसरूड फुटलेला मला शिकवतो!

फेब्रुवारीपासून चाललंय हे. अंबड रोडला पळवली तर तक्रार नाही. गर्दी आली, वळण आलं, स्पीडब्रेकर आला, की हिसका. दुपारी गाडीचं पुस्तक काढून बसलो. सापडलं! दर साठ हजार किलोमीटरला गिअरबॉक्सचं तेल बदला, असं स्पष्ट लिहिलंय. आमच्या गाडीचे झाले एकाहत्तर हजार. आधीचे मालक म्हणजे आमचे डायरेक्टरसाहेब. त्यांनी तेल बदललं असेल तर मी मिशी काढीन.

५ मे

देवानंदचा पुण्याहून फोन. "बाबा, ती गाडी काढून टाका. आईसाठी मी ड्रायव्हरसकट भाड्याची गाडी बघतो."

म्हणजे झटक्यांची बातमी पोचली. सुहासिनीला एक गोष्ट पोटात ठेवता येईल तर शपथ! मी म्हटलं, अरे शहाण्या, साखरेने डावा पाय बधिर केला, डॉक्टर म्हणाले क्लच दाबायचं विसरा, म्हणून तर दसऱ्याला ही ऑटोमॅटिक घेतली. हिच्या पोटात दोन-दोन क्लच आहेत – एक विषम गिअरांचा, एक समांचा – आणि पायाने दाबायचा एकही नाही. ही विकली तर मी चालवू काय? बाज?

शेवटी तोडगा निघाला. १५ जूनला सुहासिनीची शाळा उघडते. तोवर झटका गेला तर गाडी राहील, नाही तर विकायची. शब्द देऊन बसलो.

हिची शाळा अंकुशनगरला, कारखान्याच्या वसाहतीत. हेडमास्तरीण आहे, निवृत्तीला दोन वर्षं. मी रिटायर झाल्यापासून तिला नेणं-आणणं हेच माझं काम. सकाळी बरोबर सहाला गाडी दारात. लोक घड्याळ लावतात म्हटलं तरी चालेल. हे काम मला सोडायचं नाही. बस्स.

७ मे, गुरुवार

औरंगाबादच्या वर्कशॉपला फोन. पोरगी गोड बोलते. "सर, जुलैमध्ये या." जुलै! मी म्हटलं, बाई, मला जून हवाय. म्हणाली, "सर, होल्डवर ठेवते." ठेवलं. सतार वाजत राहिली. बारा मिनिटं.

८ मे

संपतकडे गेलो, जुन्या जालन्यात. कंपनीच्या जीपा वीस वर्षं यानेच सांभाळल्या. हात चांगला, तोंड वाईट. गाडीखाली सरपटत गेला, बाहेर आला, हात पुसले.

"साहेब, ह्याच्यात तेल बदलायचं नसतंय. सील पॅक हाये."

"अरे, पुस्तकात लिहिलंय!"

"पुस्तक जर्मनीत लिहिलं. गाडी जालन्यात हाये."

याला काय बोलावं! तासभर डोकं खाल्लं तेव्हा कबूल झाला. तेल आणि फिल्टर माझा, मेहनत त्याची, "आन् बिघडलं तं नाव माझं घ्यायचं न्हाई." देवानंदला सांगितलं, पुण्याहून पाठव. सहा बाटल्या. दुसरं कुठलंही तेल चालत नाही, हे त्याला चारदा सांगितलं. पाचव्यांदा त्याने फोन ठेवला.

१६ मे, शनिवार

बाहेर निवडणुकीच्या निकालाचे फटाके, आणि दारात कुरिअरवाला – तेल घेऊन! मी अंघोळीला. बाहेर येऊन बघतो तर माणूस गायब, खोकं गायब. सुहासिनी शांतपणे भाजी निवडतेय.

"शनिवारी तेल घरात घेत नाहीत. सोमवारी आणा म्हटलं."

अहो, हे गिअरबॉक्सचं तेल! याच्यात काय भजी तळायची आहेत? तीस वर्षं पोरांना विज्ञान शिकवणारी बाई! आजवर हिने कधी शनि-मंगळ पाळलेला मी बघितला नाही. वय झालं की माणूस देवाला लागतो म्हणतात, पण एका दिवसात?

१८ मे

कुरिअरवाला आला नाही.

१९ मे

नाही.

२१ मे, गुरुवार

आज मीच गेलो स्टेशनकडच्या त्यांच्या ऑफिसात. खोकं टेबलाखाली, त्यावर कुणीतरी डबा ठेवून जेवतंय! "मॅडम बोल्ल्या का घाई न्हाई, आम्ही फोन करतो." घाई नाही! घरी येऊन बोललो तिला. चांगलं मोठ्याने बोललो. तिने पाण्याचा तांब्या आणून पुढे ठेवला. उलट उत्तर दिलं असतं तर बरं वाटलं असतं.

२४ मे, रविवार

फजिती. लिहायचीसुद्धा लाज वाटते.

या गिअरबॉक्सला तेल मोजायची पट्टी नाही. तेल खालच्या भोकातून वर चढवायचं. आत एक नळी उभी आहे. गाडी सपाट जागेवर, इंजिन चालू. जास्तीचं तेल त्या नळीतून आपसूक खाली पडतं. धार संपून थेंब पडायला लागले की बूच लावायचं. झालं. पण हे सगळं तेल पस्तीस ते पंचेचाळीस अंश असतानाच. त्याहून गरम असेल तर तेल फुगतं, जास्त सांडतं, आणि आत कमी राहतं.

संपतला सकाळी सातला बोलावलं होतं. उगवला अकराला. "रविवार हाये साहेब." बरोबर त्याचा फवारणीचा पंप! त्याने तेल चढवणार म्हणे. कल्पना वाईट नव्हती, पण पंपाला कीटकनाशकाचा वास.

"पाच डाव धुतला साहेब."

"संपत, ही कपाशी नाही!"

शेवटी माळ्यावरून माझा कंपनीचा प्रदर्शनातला पंप काढला. कोरा, एकदाही न भरलेला. हिने शाळेच्या प्रयोगशाळेतला थर्मामीटर कपाटातून काढून दिला. फिल्टर बदलला, जुनं तेल काढलं. काळं मिट्ट, काकवीसारखं. मी हिला बोलावून दाखवलं. बघ, म्हटलं, हे बघ! ती बघत राहिली. म्हणाली, "हं. काळं आहे खरं."

नवं तेल चढवलं, इंजिन सुरू केलं, थर्मामीटर धरला. अठ्ठेचाळीस! सुरू करून दोन मिनिटं नाही झाली. बंद केलं, थांबलो. तासाने पुन्हा सुरू. एकोणपन्नास! पत्र्याच्या शेडखाली हवाच त्रेचाळीस.

संपत वैतागला. "मे महिन्यात जालन्यात पस्तीस डिगरी कुठून आणू साहेब? फ्रीजात ठिवू का गाडी?" मग ओली पोती आणून गिअरबॉक्सला गुंडाळायला निघाला. मी ओरडलो. तो म्हणाला, असंच लावून टाकू बूच, तीन-चार डिगरीनं काय होतंय. नाचता येईना अंगण वाकडं! मी म्हटलं, पहाटे ये. थंडाव्यात करू. तोवर गाडी जागची हलवायची नाही.

२५ मे

संपत आला नाही. मेव्हण्याच्या मुलीचं लग्न, मंठ्याला.

२६ मे

लग्न.

२९ मे, शुक्रवार

लग्न झालं. आता म्हणे परतवणी. आमच्या लग्नात दोन दिवसांत सगळं आटोपलं होतं!

गाडी विटांवर उभी. शेजारचे वामनराव रोज फिरून येताना विचारतात, "काय गिरिधरराव, ऑपरेशन चालू आहे वाटतं?" रोज. तेच वाक्य. तेच हसू.

३ जून

हिने दूध आणलं, भाजी आणली, बँकेत जाऊन आली – सगळं रिक्षाने. म्हणाली, "अहो, काही अडत नाही बघा." मला बरं वाटावं म्हणून म्हणाली असेल. अजिबात वाटलं नाही. जेवलो नाही नीट.

७ जून, रविवार

आठ दिवस उरले. संपतच्या घरी जाऊन बसलो. त्याची बायको उषाबाई म्हणाली, "येतील हो भाऊ, त्यान्ला ऊन लागलंय." मी तासभर बसलो. शेवटी तो पांघरुणातून बाहेर आला. ऊन लागलंय आणि पांघरूण! गुरुवार पहाट ठरली.

११ जून, गुरुवार

झालं! झालं एकदाचं!

पहाटे पाचला संपत हजर. हवा अठ्ठावीस. इंजिन सुरू केलं. ही थर्मामीटर धरून उकिडवी बसली आणि वर्गात आकडे वाचावेत तशी वाचू लागली. एकतीस. तेहेतीस. पस्तीस! संपतने बूच काढलं. धार पडली. सदतीस. अडतीस. धार बारीक झाली. एकोणचाळीसला थेंब. टप… टप… "लाव!" मी ओरडलो. लावलं. वामनराव दुधाचं भांडं घेऊन बघत उभे होते. 

संपतने एक चक्कर मारून आणली. मोंढ्यातून, सगळे स्पीडब्रेकर घेऊन. मी शेजारी. पाण्यावरून गेल्यासारखी गाडी. एक हिसका नाही! "मान्लं साहेब," म्हणाला, "पुस्तक बराबर हाये." या माणसाच्या तोंडून हे ऐकायला मी बासष्ट वर्षांचा झालो.

देवानंदला फोन केला. गाडी राहणार. "ग्रेट, बाबा," म्हणाला. खूप दिवसांनी मला मोकळं वाटलं. पेढे आणले. मी अर्धाच खाल्ला. बरं, एक खाल्ला.

हिने पेढा हातात धरला, खाल्ला नाही. पित्त झालंय म्हणे.

१३ जून, शनिवार

झटका!! स्टेशनसमोर!! मी एकटा होतो. दोनदा. परत येताना तिसऱ्यांदा, आणि पुढच्या मोटरसायकलला धडकणार होतो. थोडक्यात वाचला तो. दहा मिनिटं कडेला उभा राहिलो. 

तसाच संपतकडे. तेल कमी पडलंय, म्हटलं. बूच उशिरा लावलंस, म्हटलं. आणखी बरंच म्हटलं, ते लिहीत नाही. तो उठला. हात धुऊन आला. "चला साहेब, मी चालवतो." चालवली. त्याच रस्त्याने, त्याच गर्दीत. काही नाही! लोण्यासारखी.

"आता तुमी चालवा."

मी बसलो. चौकात आलो, हळू केली, आणि हिसका! "बघितलंस?" मी ओरडलो. संपत समोर रस्त्याकडे बघतच नव्हता. मान खाली घालून माझ्या पायांकडे बघत होता. त्याची विडी पडली असेल. पुढच्या वळणावर पुन्हा हिसका.

"साहेब, गाडी बराबर हाये. बिलकुल बराबर."

"मग हे काय होतं?"

"मॅडमला इचारा साहेब." आणि उतरून चालू लागला. चहाला थांब म्हटलं, थांबला नाही. आजवर याने चहाला नाही म्हटल्याचं मला आठवत नाही.

मॅडमचा काय संबंध? गिअरबॉक्स मॅडमने उघडला होता? स्वतःचं काम फसलं की दुसऱ्याचं नाव घ्यायचं. आता औरंगाबादलाच दाखवीन. परवा शाळा. विचारायचंच झालं तर उद्या हिला शेजारी बसवतो, चक्कर मारतो आणि विचारतो, संपतला काय सांगून ठेवलंस म्हणून.

१५ जून, सोमवार

आज ही सहाच्या एसटीने शाळेत गेली.

झटका गाडीत नाही. वेग कमी करायचा झाला की माझा डावा पाय क्लच शोधायला उठतो आणि ब्रेकवर पडतो. मला कळत नाही. काल हिने चौकात म्हटलं, "थांबा. आता खाली बघा." बघितलं. पाय ब्रेकवर होता. माझाच.

कधीपासून माहीत आहे, विचारलं. मार्चपासून. मग बोलली का नाहीस? "रोज सांगणार होते हो."

ती गेल्यावर रडलो. मार्च आणि एप्रिल, जाऊन-येऊन, रोज ती माझ्या शेजारी बसली – उजवा हात हँडब्रेकवर ठेवून.