दादाचंही ऐकून घ्या

दादा,

बाबा गेल्यावर तू जमिनीच्या उताऱ्यावरून माझं नाव कमी करवलंस. मला ना नोटीस आली, ना कोणी विचारलं. मी अपील केलं आणि काल प्रांत कचेरीत सुनावणी झाली. साहेबांनी कागद चाळले आणि म्हणाले, "बाईंना न विचारता नाव काढलं, हे चूकच. भाऊ आलेले नाहीत. आजच तुमच्या बाजूने निकाल देऊन टाकतो."

माझ्या वकिलांनी सुटकेचा निःश्वास टाकला. मी मात्र उभी राहिले. "साहेब, भावाला नोटीस मिळाली का?"

कारकुनाने फाइल पाहिली. पाकीट तुझ्या जुन्या पत्त्यावरून परत आलं होतं.

"मग त्याचंही ऐकून घ्या."

वकिलांनी कपाळाला हात लावला. "ताई, हातातोंडाशी आलेला घास घालवलात!"

घालवला असेल. तू येशील, कदाचित खोटंही बोलशील. पण माझ्या पाठीमागे जे झालं, ते तुझ्या पाठीमागे होऊ देणं मला जमेना. तुझा नवा पत्ता मीच लिहून दिला.

हे पत्र मात्र टाकणार नाही. तुला बोलावणं कचेरीकडूनच यायला हवं. तो तुझा हक्क आहे, बहिणीचे उपकार नव्हेत.

तुझी,
धाकटी