लेखिकाबाईंचा मान

लील, मंगळवार

माझ्या आईस,

मी बरी आहे. तू पाठवलेला लोणी-साखरेचा केक सगळ्यांनी मिळून फस्त केला. सोबत चिठ्ठी नव्हती. गुडघा कसा आहे?

शूटिंग चाललंय, पण हल्ली फार थकायला होतं. आमच्यात दिवेवाल्यापासून दिग्दर्शकापर्यंत सगळे पहिल्या दिवसापासून एकमेकांना 'तू' म्हणतात, तुला ठाऊकच आहे. या वेळी मात्र जो तो मला 'तुम्ही' म्हणतोय. मला वाटलं, माझी कादंबरी आली, म्हणून लेखिकाबाईंना मान! मी आपली ऐटीत वावरत होते.

काल मेकअपवाल्या जोझियानला हे सांगितलं, तर ती खो खो हसली. "पुस्तक कुणी वाचलंय इथे? अहो, आजीच्या भूमिकेसाठी तुमच्या केसांना पांढरा रंग आणला होता मी. डबा उघडावाच लागला नाही!"

मीही हसले. काय करणार?

तू वाचलीस ना कादंबरी? त्यातली आई तू नाहीस, असं मी सगळ्यांना सांगते. रागावली असशील तर फोन कर, कार्टी म्हण, नालायक म्हण. फक्त तू तरी मला 'तुम्ही' म्हणू नकोस.

तुझीच,
आर्मेल