वीसपैकी बारा

२ जुलै २००३
आजपासून पप्पांची शाळा सुरू! एप्रिलमध्ये मेंदूला झटका आला. हातपाय सावरले, शब्द तेवढे गेले. वीस कार्डांवर चित्रं काढलीत — होडी, कंदील, कोयता, सरंगा. पाच वर्षं मी कॉम्प्युटरवर खोटे मेंदू बनवले, चुका करत ते कसे शिकतात ते पाहिलं. आता खरा मेंदू घरातच! आज सात बरोबर. सरंग्याला 'खुर्ची' म्हणाले — जन्मभर पापलेटं धरलेला माणूस!

१९ जुलै
बारा! आलेख झकास चढतोय. माझं मॉडेल म्हणतं, ऑगस्टअखेर वीसपैकी वीस. म्हणजे एक ऑक्टोबरला मी खुशाल जर्मनीत, नव्या नोकरीवर. पप्पांना आलेख दाखवला, तारीखही सांगितली. बराच वेळ बघत बसले.

३ ऑगस्ट
बारा.

११ ऑगस्ट
बारा.

२१ ऑगस्ट
पुन्हा बारा!! माझे खोटे मेंदूसुद्धा एक दिवस अकरा करतात, एक दिवस चौदा. पप्पांचे आपले बारा म्हणजे बारा. मम्मी भाकरी थापता थापता म्हणाली, "ग्लोरिया, तुजं मशीन बिगडलंय." झाली माझी पीएचडी! हसले, पण ह्यांना असं टाकून जाऊ कशी?

२ सप्टेंबर
पप्पांना जेवायला बोलवायला पाचूबंदरला गेले. मासळीचा लिलाव चालला होता. होडीच्या आडून आवाज — "श्रीपत, कालचा सरंगा आजचा म्हनून विकतो? कल्ला उघडून दाव! लाल हाय काय?"

पप्पा! एक शब्द अडला नाही. मी तशीच मागे फिरले.

दुपारी सरंग्याचं कार्ड समोर धरलं. पप्पांनी डोकं खाजवलं, छताकडे पाहिलं. "...खुर्ची?"

लबाड म्हातारा! मी जाऊ नये म्हणून दीड महिना नापास होतोय! राग आला, आणि रडू त्याहून जास्त.

३ सप्टेंबर
ठरलं. नाही जात. नकाराचा ईमेल कागदावर लिहून टेबलावर ठेवलाय, उद्या स्टेशनजवळच्या सायबरमधून पाठवेन. मम्मीला बजावलंय — पप्पांना एवढ्यात सांगू नकोस. "मी कशाला सांगू!" म्हणाली. हिच्या तोंडात तीळ भिजेल तर शपथ.

४ सप्टेंबर
सकाळी टेबलावर कागद नाही. पप्पा आंघोळ करून, स्वच्छ सदरा घालून कार्डांसमोर बसलेले.

वीसपैकी वीस. सरंगासुद्धा.

मग त्यांनी खिशातून एकविसावं कार्ड काढलं — माझा पासपोर्ट. फोटोवर बोट ठेवलं.

"ही जानारी हाय."