अण्णांच्या चालीचा अंतरा

अण्णा, तुम्हाला जाऊन बावीस वर्षं झाली आणि आज मी तुम्हाला एका परक्या माणसाबद्दल सांगायला बसलोय. आम्ही आता आयर्लंडमध्ये, ड्रोहेडाला असतो. हिला इथल्या हॉस्पिटलात नोकरी, आणि तिच्या मागोमाग मी. मंदीत मला कोणी विचारेना, तेव्हा गावातल्या हौशी नाटकमंडळींत पियानोच्या साथीला जाऊन बसलो. हो, मीच. "आयुष्यभर दुसऱ्याच्या मागे बसून ऑर्गन वाजवायचा, हे काय काम आहे?" असं तुम्हाला तोंडावर विचारणारा तुमचा मुलगा.

यंदा त्यांनी शंभर वर्षांपूर्वीचं एक अमेरिकन संगीत नाटक काढलं. त्याचा संगीतकार मूळचा आयरिश, निदान स्वतःला तसं म्हणवून घ्यायचा. वाढला जर्मनीत, वाजवायचा चेलो. बायको गायिका. तिला न्यूयॉर्कच्या ऑपेरात बोलावणं आलं, तसा हाही गेला आणि तिथेच वादकांत बसला. हे वाचून मी हिला हाक मारली, "बघ, हाही बायकोच्या व्हिसावर!" ही म्हणाली, "त्याने पुढे काय केलं तेही वाच." पुढे त्याने चाळीसएक संगीत नाटकं केली, अण्णा! आपली चाल हॉटेलात न विचारता वाजवतात म्हणून थेट कोर्टात गेला आणि शेवटी जिंकला. त्याला जाऊन ऐंशी-नव्वद वर्षं झाली, तरी इथल्या औषधांच्या दुकानातली बाई त्याचं गाणं म्हणते तेव्हा त्याने ठेवलेल्या जागीच श्वास घेते. तालमीत रोज ऐकायचो आणि रोज अंगावर काटा यायचा.

आणि तुमच्या चाली? नाटक कंपनीची निम्मी पदं तुम्ही बांधलीत, जाहिरातीत नाव गायकाचं. मी नोटेशन शिकत होतो तेव्हा स्वयंपाकघरात चहा गाळता गाळता तुम्ही म्हणाला होतात, "तुझ्या त्या रेघांत माझी एखादी चाल बसते का बघ." मी म्हणालो, "परीक्षा झाल्यावर बघू." तुम्ही मानी. पुन्हा विचारलं नाहीत. मीही बघितलं नाही, याची मला लाज वाटते.

पहिल्या प्रयोगाला त्या बाईचं गाणं संपलं आणि टाळ्या थांबेनात. माझे हात तुमच्याच घरात वाढलेले. वन्समोअर आला असं समजून मी गाणं पुन्हा पहिल्यापासून सुरू केलं! बाई तर कपडे बदलायला आत गेलेली. स्टेज रिकामं, तीनशे माणसं माझ्याकडे बघतायत, आणि समोर हातात ताल दाखवायची काठी घेऊन आमच्या संचालिका, शाळेतून निवृत्त झालेल्या संगीतशिक्षिका, डोळे वटारून उभ्या. आणि हातांनी आपसूक तुमची ती चाल धरली, पडदा अडकला किंवा राजाची मिशी निघाली की तुम्ही वाजवायचात ती. बाई येईपर्यंत मुखडाच घोळवत राहिलो. सभागृहात कोणी खोकलंसुद्धा नाही. त्या दोन मिनिटांत मला कळलं, मागे बसून तुम्ही काय सांभाळत होतात ते.

नंतर संचालिका चहाचा कप घेऊन आल्या. वाटलं, आता झाडणार. म्हणाल्या, "दॅट लव्हली थिंग, वॉज दॅट युअर मॅन्स?" युअर मॅन म्हणजे तो संगीतकार. मी म्हटलं, "नो. माय फादर्स." "देन राइट इट डाउन, फॉर गॉड्स सेक."

लिहिली, अण्णा. उजव्या कोपऱ्यात, संगीतकाराचं नाव घालतात तिथे, तुमचं संपूर्ण नाव घातलं. आता ती चाल मंडळी प्रत्येक प्रयोगाला वाजवतात. तो कागद पियानोच्या स्टुलाखालच्या खणात आहे, हे पत्रही तिथेच ठेवीन.

एक सांगायचं राहिलं. मला मुखडाच येतो. अंतरा तीन आठवडे आठवून पाहिला, नाही आठवला. कागदावर आहे तो मी केलाय, आणि हे मी कोणाला सांगितलेलं नाही.