अठ्ठावन्नव्या वर्षी गेअरवाल्या गाडीचं लायसन

बाबा, मले मोटरसायकलचं लायसन भेटलं. गेअरवालीचं. मले अठ्ठावन्न चालू आहे अन् तुम्हाले जाऊन एकतीस वर्षं झाले. पोस्टमन कार्ड घेऊन आला तवा मी एका किराणावाल्याचा काटा उघडून बसली होती. आताचे काटे इलेक्ट्रॉनिकचे असतात, त्याच्यात झुरळं घर करतात अन् मंग दुकानदार बोंबलते का वजन नाचून राहिलं. हात पुसले, सही केली, कार्ड डब्यात टाकलं अन् परत झुरळं काढाले बसली. तुमच्या जावयानं विचारलं काय आलं. म्हटलं लायसन. तो म्हणे बरं झालं, अन् चहा ठेवाले गेला. पेढे नाही, फोटो नाही. भाच्यानं फोनवर लय कल्ला केला, आत्या स्टेटस टाक म्हणे. त्याले म्हटलं, टाकाले लागलीच तं काटे कोण दुरुस्त करन. पण तुम्हाले सांगणं आहे. काहून का ह्याच्यात तुमचा हात आहे, चांगल्यातही अन् वाईटातही.

सदर मोहल्ल्यातलं आपलं काटे दुरुस्तीचं दुकान आठवते का? दुकान काय, टिनाची पेटीच होती ती. आत तुम्ही, तुमचा ठोकाचा दगड अन् भिंतीले लटकलेले तागडीचे पारडे. बाहेर तुमची फटफटी उभी राहे. मी पंधरा वर्षांची असन. सातवीतून शाळा सुटली होती अन् मी दिवसभर वजनं घासत बसो. एका दुपारी तुम्ही आत गिऱ्हाइकांशी बोलून राहिले होते अन् मी फटफटीले किक मारली. पहिल्याच किकमधे चालू झाली. गेअरमधे होती हे मले काय माहीत. गाडी उडी मारून नालीत गेली अन् मी तिच्यावर. तुम्ही हातात पाच किलोचं वजन घेऊन बाहेर आले, तसेच. मले वाटलं आता गेली मी. पण तुम्ही मारलं नाही. सगळ्या गिऱ्हाइकांसमोर हळूच म्हटलं, "लायसन आहे का वं तुझ्याजवळ? नाही ना? मंग हात लावाचा नाही. सरकारचा कागद नसन तं काट्यालेही हात लावाचा नाही अन् गाडीलेही नाही." दोन चापटा मारल्या असत्या तं मी संध्याकाळपर्यंत विसरली असती. हे मात्र तुम्ही कायद्याचं बोलले, अन् कायद्यापुढं मी काय बोलणार? चाळीसच्या वर वर्षं मी गाडीच्या हँडलले हात नाही लावला. मागंच बसली, आधी तुमच्या, मंग भावाच्या, मंग भाच्याच्या.

तुमच्या मागं बसणं म्हणजे तं कामच होतं. शनिवारी आपण मौद्याच्या राइस मिलचे काटे तपासाले निघालो का वजनाची पेटी गाडीच्या डाव्या अंगाले बांधलेली. वीस किलो, दहा किलो, पाच किलो, सगळे लोखंडी वजनं त्याच्यात. गाडी डावीकडं ओढे, म्हणून तुम्ही उजव्या कुशीवर तिरपे बसत अन् मले म्हणत, तूही तशीच बस, माय, नाहीतं आपण दोघंही पेटीसंगं धानात जाऊ. मी बसतो तशी. पारडीच्या नाक्याच्या पुढं रस्ता मोकळा होते, तोंडावर गरम वारा येते, तुमच्या सदऱ्याले तेलाचा अन् पितळ पॉलिशचा वास येते. राइस मिलवाल्याच्या ओट्यावर मी वजनं एकावर एक रचतो, तुम्ही मोठ्या काट्याच्या स्क्रूचा कान पिळता, डोळा बारीक करता, अन् म्हणता, टाक अजून शंभर ग्राम. एक सांगू? शाळेत मले एवढं कोणी शिकवलं नाही. अन् वापस येताना नाक्यावर एखाद वेळी पोलीस थांबवे. लायसन दाखव म्हणे. तुम्ही खिशातून तो घडी केलेला कागद काढत. सरकारचा शिक्का, तुमचा फोटो, खाली इंग्रजीत लिहिलेलं. पोलीस उलटा करून पाहे, सुलटा करून पाहे, अन् जा म्हणे. मले लय अभिमान वाटे. माझ्या बापाजवळ कागद आहे, मोठमोठ्याजवळ नाही.

तुम्ही गेल्यावर तेरवीच्या आधीच मी तुमची पत्र्याची पेटी उघडली. गाडी भावाच्या नावानं कराची होती, त्याच्यासाठी कागद पाहिजे होते. तुमचा तो घडीवाला कागद काढला अन् पुढच्या गल्लीतल्या मास्तरले वाचाले देला. मास्तर म्हणे, बाई, हा काटे दुरुस्तीचा परवाना आहे, गाडीचा नाही. मी म्हटलं, दुसराही असन. सगळी पेटी पालथी केली. नव्हता. आईले विचारलं तं ती म्हणे, त्याईनं कधी काढलंच नाही, कोण जाते तिकडं लाइनीत लागाले. म्हणजे मले सदरच्या रस्त्यावर कायदा शिकवणाऱ्या माणसानं उभा जन्म काट्याच्या परवान्यावर गाडी हाणली. आई हसली होती. मी नाही हसली. भिंतीवरच्या तुमच्या फोटोले तेरवीपर्यंत मी नीट पाहिलं नाही. तुमचं काम मी पुढं चालवलं, परवाना माझ्या नावानं काढला, सदरचं दुकान गेलं तं कळमन्याच्या बाजूले घरातच बसवलं. पण तो राग ठेवला. तुमच्या कामातलं सगळं मानलं, तेवढी एक गोष्ट मानली नाही.

आता लायसन काहून काढावं लागलं ते सांगतो. भाचा मले चौदा वर्षं मौद्याकडं नेत होता. त्याले पुण्याले चांगली नोकरी लागली, गाडी माझ्याजवळ ठेवून तो गेला. जायच्या आधी दोन रविवार त्यानं मले मैदानात चालवाले शिकवली, पण मैदान वेगळं अन् भंडारा रोड वेगळा. मंग मी बसनं जायले लागली. वजनाची पेटी घेऊन बसमधे चढून पाहा तुम्ही. कंडक्टर म्हणे, बाई, ह्याच्यात काय सोनं भरलं काय, हे वर ठेवू का खाली, का माझ्या डोक्यावर? मौद्याच्या स्टँडवर उतरून मिलपर्यंत ऑटो, ऑटो नसला तं बसून राहा. मिलवाल्याचा काटा हंगामात अडला तं त्याले त्याच वेळी माणूस पाहिजे, त्याच्या गेटवर धानाचे ट्रॅक्टर लागले असतात. दोनदा मले उशीर झाला. तिसऱ्यांदा त्यानं दुसऱ्या माणसाले बोलावलं. अन् मले फोनवर साफ म्हटलं, "आत्याबाई, तुमच्या हाताचा काटा हलत नाही, मले माहीत आहे. पण तुम्ही पोचता केव्हा, ते सांगा." त्याचं काही चुकलं नाही. तीन मिल राहिल्या होत्या तुमच्या वेळच्या, तिन्ही हातून सुटून राहिल्या होत्या. त्या कायमच्या गेल्या असत्या तं माझ्याजवळ झुरळंच उरले असते.

जावयाले म्हणावं तं तो सायकलच्या पुढं कधी गेलाच नाही, अन् आता गुडघे त्याले सायकलवरही चढू देत नाहीत. भाचा म्हणे, आत्या, स्कुटी घे, बिनागेअरची, सोपी राहते. घरात गाडी उभी असताना दुसरी कायले घ्याची? मंग म्हणे, एक ओळखीचा एजंट आहे, तू फक्त सही कर, सगळं होऊन जाते. तिथं मी त्याच्यावर उखडली. म्हटलं, आपल्या घरात एक जण तसा होऊन गेला, तेवढा बस झाला. त्याले काही समजलं नाही, काहून का तुमची ती गोष्ट मी त्याले कधी सांगतलीच नाही.

कच्चं लायसन काढाले कॉम्प्युटरवर परीक्षा असते. मराठीतच असते, पण असली मराठी का मले वाटलं संस्कृत आहे. 'मार्गाधिकार' म्हणजे काय? बाजूच्या पोट्टीले विचाराले गेली तं तिथली मॅडम डाफरली. अंदाजानं दाबलं. कसंबसं झालं. डॉक्टरचा कागद लागला, ह्या वयात लागतेच. डॉक्टर म्हणे, ऐकू येते का? म्हटलं, तुम्ही हळू बोलले तरी येते. सही केली त्यानं. मंग महिनाभर थांबून पक्क्या लायसनची टेस्ट.

टेस्ट म्हणजे काही नाही, जमिनीवर आठाचा आकडा काढला असते, त्याच्यावरून गाडी फिरवाची अन् पाय खाली टेकवाचा नाही. टेकला का नापास. माझ्या पुढं सगळे वीस-बावीसचे पोट्टे-पोट्ट्या. एक पोट्टी म्हणे, आंटी, कोणाले घेऊन आल्या? म्हटलं, मलेच घेऊन आली. आठाचा उजवा गोल मी फिरवला, मस्त. डाव्या गोलात गाडी बाहेर बाहेर जायले लागली, हँडल वळेच ना, अन् माझा पाय धपकन जमिनीवर. टेस्ट घेणाऱ्या सायबानं हात आडवा केला. मले वाटलं होतं चारचौघात ओरडन, पण तो तसा नव्हता. जवळ आला अन् म्हणे, "बाई, तुम्ही तिरप्या काहून बसता? पाठीत काही दुखणं आहे का?" मी म्हटलं, मी तं सरळ बसली. तो म्हणे, नाही, तुमचं सगळं अंग उजवीकडं आहे, डावीकडं गाडी कशी वळन?

तवा मले कळलं, बाबा. गाडीवर पेटी नव्हती, पण मी पेटी असल्यासारखी बसली होती. मागं बसून जेवढे वर्षं तुमच्यासंगं फिरली, अन् मंग भावासंगं, भाच्यासंगं, पेटी कायम डावीकडं, मी कायम उजवीकडं. हाडालेच तशी सवय लागली. तिथं उभ्या उभ्या मले हसू आलं. साहेब पाहत राहिला. त्याले काय सांगू?

पुढचे पंधरा दिवस मी कळमन्यामागच्या मोकळ्या जागेत रोज सकाळी जाऊन चुन्यानं आठ काढला अन् फिरली. सरळ बसाले एवढा त्रास होते हे कोणी सांगतलं असतं तं खरं वाटलं नसतं. सरळ बसलं का वाटे, डावीकडं पडून राहिली. तुम्ही समोर बसले आहे अन् म्हणून राहिले, तिरपी हो, असं वाटे. दोनदा खरंच पडली. कोपर सोललं. संत्र्याच्या गाडीवरचा एक हमाल रोज उभा राहून पाहे. एका दिवशी म्हणे, बाई, आज कमी पडल्या. तेवढंच माझं कौतुक झालं, तेवढं पुरलं.

दुसऱ्या टेस्टले पास झाली. लायसन आलं त्याच्या दुसऱ्याच दिवशी मौद्याच्या मिलवाल्याले फोन केला अन् त्याले म्हटलं, काटा अडला तं सांगा, तासाभरात पोचतो. त्याले खोटं वाटलं. मंग अडला, अन् मी पेटी बांधून निघाली. पोचली पन्नास मिनटात. ट्रक बाजूनं जाते तवा मी गाडी पार रस्त्याच्या कडंले घेतो, ते लपवत नाही. मिलवाला गेटवर उभा होता. माझ्याकडं नाही, गाडीकडं पाहून राहिला होता. मंग म्हणे, जयभीम आत्याबाई, चला. दोन मिल वापस आल्या. तिसरा मिलवाला अजून विचार करून राहिला, करू द्या.

आता एक राहिलं. दुसऱ्या टेस्टच्या वेळी डाव्या गोलात, शेवटाले, माझा अंगठा टेकला होता. पाय नाही, चपलेच्या पुढं आलेला अंगठाच, जमिनीले घासून गेला. मले कळलं. सायबाचं ध्यान त्या वेळी मागच्या पोट्ट्याकडं होतं, तो हेल्मेट न घालता रांगेत घुसला होता. त्यानं वळून पाहिलं, गाडी उभी, मी गाडीवर, अन् त्यानं पास लिहिलं. मी म्हणू शकत होती. तोंड उघडलंही होतं. मंग मौद्याची मिल डोळ्यासमोर आली अन् मी तोंड बंद केलं.

एवढा फरक कोणाच्या काट्यात निघाला असता तं मी तो उघडून पुन्हा बसवला असता, त्याच्याशिवाय हातातून सोडला नसता. लायसन वापस कराले मात्र गेली नाही, जाणारही नाही. एकतीस वर्षं तुमच्यावर राग धरला, तो आता कोणत्या तोंडानं धरू? हे जावयाले सांगतलं नाही, भाच्याले नाही. तुम्हाले सांगून राहिली, काहून का तुम्ही कोणाजवळ बोलणार नाही.