टेकडीच्या पोटात काय आहे

३ मार्च, सोमवार

पाणी शोधायच्या मोजणीची पहिली नोंद वाया गेली! उघडून बघतो तर सगळीकडे टिक्. टिक्. टिक्. कोणीतरी जमिनीच्या कानात टाचणी टोचत बसल्यासारखं.

आमच्याकडून काही चुकलेलं नाही. तांब्याच्या तारेची दोन्ही वेटोळी मी स्वतः गुंडाळलेली आहेत. एक वेढा दुसऱ्यावर चढलेला दाखवावा कोणी! चर खणून, पाणसळ लावून, सपाट पुरली. वाऱ्याने हलू नये म्हणून वायर मातीत दाबली. मोरचुदाच्या पाण्याने भरलेली मडकी चिखलात बसवली. उत्तर दिशा धरताना फावडं लांब ठेवलं, कमरेचा पट्टासुद्धा काढला, कारण बक्कल लोखंडी. सूनबाई म्हणाली, "बाबा, पँट सांभाळा." हसू दे. होकायंत्र सुई हलवताना हसत नाही.

नोंदणारं यंत्र तिच्या भूगर्भ-संशोधन संस्थेचं आहे. वेटोळीही ती तिथूनच आणणार होती. मी नको म्हणालो. तिच्याकडे डिग्री आहे, माझ्याकडे हात आहेत. मी शाळा नववीत सोडली, पुढचं सगळं पुस्तकं उघडून आणि यंत्रं खोलून शिकलो. कोणाचे पाय धरले नाहीत.

५ मार्च, बुधवार

दुकानदार सकाळीच मैदानावर आला. वसाहतीच्या समितीचा तो प्रमुख, त्याला सगळं कळलं पाहिजे.

"भाऊ, हे यंत्र जमिनीत काय सोडतं?"

"काही सोडत नाही. ऐकतं."

समजावलं. पृथ्वीवर कुठे ना कुठे कायम विजा पडत असतात. सूर्याकडूनही वारं येतं, ते पृथ्वीच्या चुंबकत्वाला धक्के देत राहतं. त्या सगळ्याच्या लहरी आपल्या पायाखाली शिरतात. भरभर हलणाऱ्या वरच्या वरच विरतात, संथ असतात त्या खोल जातात. कोरड्या दगडातून वीज नाखुशीने जाते, पाणी भरलेल्या दगडातून सहज. वरून वेटोळ्यांनी चुंबकत्व आणि मडक्यांनी वीज, दोन्ही मोजलं की खाली काय आहे त्याचा अंदाज येतो.

तो म्हणाला, "म्हणजे वीज दुसरीकडे पडणार आणि काम आपलं होणार. बिल तर येणार नाही ना?"

मग त्याचा चेहरा उतरला. बोअरचं मशीन महिनाअखेर वर येणार. एकदाच. एकच भोक. कोरडं निघालं तर खालच्या सरकारी ऑफिसकडून येणारा टँकर बंद, आणि सगळ्यांनी टेकडी सोडून पायथ्याच्या नव्या घरांत जायचं. वरच्या विहिरी आटून आता दोन उन्हाळे झाले, कोणाला दोष देणार? म्हणाला, "जागा तुम्ही सांगायची. समितीने ठरवलंय. तुम्ही बोट ठेवाल तिथे भोक."

दिवसभर छाती फुगलेली होती. जेवताना हिने विचारलं, "आणि बोट चुकलं तर?"

६ मार्च, गुरुवार

टिक्-टिक् कोणाची ते कळलं! मेंढीवाल्याचं कुंपण! तारेत विजेचे झटके सोडतो तो, सेकंदाला एक. गेलो तडक.

"चार दिवस बंद ठेव."

"मग माझ्या मेंढ्या तुम्ही वळणार का, इंजिनियरसाहेब?"

"अख्ख्या वसाहतीच्या पाण्याचा प्रश्न आहे!"

"कुंपणच आहे कशावरून? मेंढ्यांनी कबुली दिली काय?"

बरंच बोललो. तोही बोलला. त्यातलं इथे लिहिण्यासारखं काही नाही.

७ मार्च, शुक्रवार

अजून टिक्-टिक्. मेंढीवाला हटवादी माणूस आहे.

९ मार्च, रविवार

कसं लिहू? लिहितोच.

शेवटी दुकानदाराने मध्यस्थी केली. काल मेंढीवाल्याने कुंपण बंद केलं आणि मेंढ्या गोठ्यात कोंडल्या. आज सकाळी नोंद उघडली. टिक्. टिक्. टिक्. तशीच, उलट अधिक ठसठशीत!

मी म्हणालो, "लबाड आहे. रात्री चालू केलं असणार." सूनबाई कॉम्प्युटरवर रेघा मोठ्या करून बघत बसली. मग अगदी सहज विचारलं, "बाबा, यंत्राच्या बॅटऱ्या कुठे चार्ज होतात?"

"वर्कशॉपमध्ये. माझ्या चार्जरवर."

आणि तोंडातलं वाक्य संपायच्या आत कळलं.

माझा चार्जर! मी बनवलेला! मेलेल्या बॅटऱ्यांनाही उठवणारा, कारण तो सलग करंट देत नाही, झटके देतो. सेकंदाला एक. बॅटऱ्यांच्या जोड्या दोन. एक मैदानावर असली की दुसरी चार्जरवर. म्हणजे आम्ही मोजतो तेव्हा हा चालू असणारच! आणि त्याचं अर्थिंगही मीच केलेलं, वसाहतीत एक नंबर. प्रत्येक झटका व्यवस्थित जमिनीत पोचवतोय.

जमीन काय म्हणते ते ऐकायला बसलो आणि आठवडाभर स्वतःचंच ऐकत होतो.

हिला सांगितलं तर भांडी घासता घासता म्हणाली, "घरात तरी दुसरं काय होतं?"

१० मार्च, सोमवार

मेंढीवाल्याकडे गेलो. म्हणालो, "कुंपण नव्हतं. माझाच चार्जर होता."

तो मागे वळून गोठ्यात ओरडला, "ऐकलं का गं बायांनो! सुटलात!"

चहा दिला. मेंढीच्या दुधाचा वास होता, पण सगळा प्यायलो.

१३ मार्च, गुरुवार

वर्कशॉप सोमवारपासून पूर्ण बंद. मेन स्विचच खाली. बॅटऱ्या दुकानदार पायथ्याशी नेऊन चार्ज करून आणतो. नोंद आता इतकी स्वच्छ, की मी दोनदा वायर जोडलेली आहे का ते बघून आलो! संथ, लांब लाटा. कुठल्या समुद्रावर पडलेल्या विजा असतील त्या! टेकडीवर आडव्या ओळीने जागा बदलत मोजतोय. सूनबाई मडकी पुरते, मी पाणसळ बघतो. आज तिने बसवलेलं एक मडकं मी पुन्हा उकरून बसवलं. तिने निमूट बघितलं आणि पुढचं तसंच बसवलं, अगदी माझ्यासारखं. चांगली पोर आहे. मुलाने एक तरी गोष्ट नीट निवडली.

१६ मार्च, रविवार

चित्र तयार झालं. टेकडीच्या पोटाचं चित्र! सगळीकडे कोरडा, घट्ट दगड. फक्त एका जागी उभा, अरुंद पट्टा, तिथे वीज सहज जाते. सूनबाई म्हणाली, तडा असावा, पाण्याने भरलेला. खोलवरून वर येतोय.

आनंदाने उठून उभा राहिलो. "कुठे येतो वर?"

तिने नकाशा माझ्याकडे सरकवला. बोट ठेवलं नाही. गरजही नव्हती.

माझं वर्कशॉप.

म्हणालो, "तिथे गडबड असेल. इतकी वर्षं यंत्रं चालतात तिथे."

ती म्हणाली, "बाबा, इतर घरांचं अर्थिंगही तुम्हीच केलंत ना? तसंच?"

"अगदी तसंच. तेवढाच खड्डा, तेवढाच कोळसा, तेवढंच मीठ."

"मग त्यांचं इतकं चांगलं का नाही आलं?"

आजवर वसाहतीत येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येकाला मीटर लावून दाखवलंय मी ते अर्थिंग. बघा, याला म्हणतात काम! आणि खाली ओल होती. कामातला माझा वाटा बाकीच्या घरांइतकाच.

१८ मार्च, मंगळवार

आज वर्कशॉपमध्ये नुसता बसून होतो. पट्ट्याचं एक टोक दरीच्या उतारावर आहे, तिथे मशीन चढणार नाही. दुसऱ्या टोकावर घरं. मधे सपाट आणि गाडीचा रस्ता असलेली एकच जागा.

शाळेमागे मोकळं मैदान आहे. पट्टा तिथून लांब आहे, पण फार लांब नाही. तिथे बोट ठेवलं तर कोण विचारणार? चित्र वाचता येणारी माणसं दोनच. सूनबाईला म्हणालो, "शाळेमागेही लागू शकतं, नाही का?"

"लागू शकतं. मला वाटत नाही." मग थोड्या वेळाने, "जागा तुम्ही सांगायची आहे, बाबा. त्यांनी तुम्हाला विचारलंय."

रागावली असती तर बरं झालं असतं. मी उलटा रागावलो असतो आणि विषय मिटला असता.

या बाकावर पहिला रेडिओ उघडला. घरात जागा नव्हती म्हणून ही भिंत स्वतः बांधली. प्रत्येक पान्ह्याच्या मागे त्याची आकृती काढलेली आहे, म्हणजे कुठला जागेवर नाही ते लांबून दिसतं.

१९ मार्च, बुधवार

समितीसमोर सांगितलं. "वर्कशॉप पाडावं लागेल. पाणी असेल तर तिथेच आहे."

दुकानदार म्हणाला, "भाऊ, आणि नाही लागलं तर? तुमचं वर्कशॉपही जाईल."

"नाही लागलं तर खालीच जायचंय. वर्कशॉप डोक्यावर घेऊन जाणार आहे का मी?"

कोणी हसलं नाही. मागून मेंढीवाला म्हणाला, "उतरवायला मी येतो. पत्रे मोडायचे नसतात, स्क्रू काढायचे असतात. यांना ते बघवणार नाही दुसऱ्याच्या हातून." तेव्हा हसले.

२२ मार्च, शनिवार

छप्पर उतरलं. भिंत दुपारपर्यंत गेली. एकही पत्रा वाकला नाही.

घरी आलो तर पुढची खोली रिकामी! पाहुण्यांची खोली ती, ही मलासुद्धा चपला काढल्याशिवाय आत येऊ देत नाही. सोफा मागच्या दारी, पडदे काढलेले. बाक आत आणून ठेवलेला, आणि ही भिंतीवर पेन्सिलने पान्ह्यांच्या आकृत्या काढत उभी. दोन चुकल्या आहेत. सांगितलं नाही.

२७ मार्च, गुरुवार

मशीन आलं. दिवसभर धूळ, फक्त धूळ. पांढरी, कोरडी. लोक बघून बघून घरी गेले. सूनबाई शेवटपर्यंत माझ्या बाजूला उभी होती. चित्राप्रमाणे अजून खाली जायचं आहे.

२८ मार्च, शुक्रवार

लागलं! दुपारी मशीनचा आवाज बदलला, धुळीचा चिखल झाला आणि पाणी आपणहून वर आलं, पंपाशिवाय! हात पुढे केला आणि झटकन मागे घेतला. गरम! चांगलं गरम, वाफ निघत होती. मेंढीवाला पाय बुडवून बसला, ही रडत होती, दुकानदार आरडाओरडा करत खालच्या ऑफिसला फोन लावत होता की आता पायथ्याला राहायला कोणी येत नाही म्हणून.

सूनबाईचे डोळे चमकत होते. म्हणाली, "बाबा, हे ऊन पाणी फार खोलवरून येतंय. आता तिथपर्यंत मोजायला हवं. महिनाभर ऐकावं लागेल."

म्हणालो, "मोजू. वेटोळी तुझ्या संस्थेची आण. आणि मला शिकव. पहिल्यापासून."